तेहतिसावा दिवस

कर्मचाऱ्याचे पूर्ण नाव: श्रीमती प्रज्ञा प्रेमराज सुरवाडे, पूर्वाश्रमीच्या कु. प्रज्ञा झिपरू तायडे. मूळ राहणार तालुका जामनेर, जिल्हा जळगाव. जन्मदिनांक: १ जून १९६७ (शाळा सोडल्याच्या दाखल्यानुसार). उंची: पाच फूट एक इंच. ओळखीची खूण: डाव्या भुवईवर व्रण. सेवेत रुजू झाल्याचा दिनांक: ८ ऑक्टोबर १९९१, मध्यान्हपूर्व. पद: वरिष्ठ लिपिक. निवड यादीतील गुणानुक्रम: ६. ज्येष्ठता सूचीतील क्रमांक: ३८. शिस्तभंगविषयक कारवाई: निरंक. गोपनीय अहवाल: चांगला, एका वर्षी 'चांगला, परंतु पत्रव्यवहार फार'.

सेवापुस्तकात माणूस एवढाच असतो. पैकी जन्मदिनांक गुरुजींचा आहे. प्रज्ञाताईंच्या आईला, द्रौपदाबाईंना, मुलगी कपाशी वेचणीच्या दिवसांत झाली हे पक्कं आठवत होतं. पण शाळा जूनमध्ये भरते, म्हणून गुरुजींनी सगळ्या वर्गाला एक जूनला जन्माला घातलं. त्यामुळे महाराष्ट्रात दर ३१ मेला कार्यालयंच्या कार्यालयं निवृत्त होतात. बाकी माहिती बरोबर आहे. फक्त सहा आणि अडतीस या दोन आकड्यांमध्ये काय घडलं, ते लिहायला सेवापुस्तकात रकाना नाही.

घडलं ते असं. १९९१ साली जळगावातल्या एका सरकारी कार्यालयासाठी कनिष्ठ लिपिकांची परीक्षा झाली. प्रज्ञा खुल्या यादीत सहावी आली. नेमणुकीचा आदेश ५ सप्टेंबरला हातात पडला. नियम असा, की आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत हजर झालात तर यादीतला नंबर तुमचा. उशीर झाला तर तो गेला आणि तुम्ही सगळ्यांच्या मागे. हजर व्हायला वैद्यकीय दाखला लागतो. दाखला देणारं मंडळ आठवड्यातून एकदा बसायचं, आणि त्यातले दोन आठवडे ते बसलंच नाही. दाखला ३ ऑक्टोबरला मिळाला. ४ तारखेला, शुक्रवारी, म्हणजे एकोणतिसाव्या दिवशी, सकाळी साडेदहाला प्रज्ञा कार्यालयात उभी होती.

हेडक्लार्क होते अभिमन बोरसे. धुळ्याजवळच्या फागण्याचे. सगळे त्यांना नाना म्हणत. नानांनी आदेश वाचला, दाखला वाचला, अर्जावरच्या अक्षराचं कौतुक केलं, चहा मागवला. मग भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघितलं.

"आज दिन चांगला नही शे माय," नाना म्हणाले. "पित्तर चालू शेतस. मंगळवारले घट बसतीन, त्या दिन ये. जलमभरनी नोकरी शे, चार दिनमा काय बिघडस?"

चोवीस वर्षांच्या मुलीने पहिल्याच दिवशी हेडक्लार्कला नियम दाखवायचा नसतो, हे तिला कोणी शिकवलं नव्हतं, येत होतं. ती कागद घेऊन घरी आली. द्रौपदाबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "आपल्या घरी कधी पितर जेवले का गं? तू माघारी आलीच कशी?"

प्रश्न रास्त होता. तायड्यांच्या घराने १९५६ सालीच पितरांचा पंधरवडा सोडला होता. पंधरवड्याने मात्र तायड्यांचं घर सोडलं नव्हतं. मंगळवारी घट बसले, प्रज्ञा रुजू झाली, नानांनी पेढा दिला. तो तेहतिसावा दिवस होता.

या चुकीचा पत्ता लागायला सात वर्षं गेली, कारण ज्येष्ठता सूची सात वर्षं निघालीच नाही. १९९८ साली ती सूचना फलकावर लागली. प्रज्ञाताईंनी आपलं नाव वरून शोधायला सुरुवात केली आणि बराच वेळ शोधत राहिल्या. अडतिसावं. तेविसाव्या गुणक्रमाचे ललित महाजन, जे दहाव्या दिवशी रुजू झाले होते, ते चक्क बावीस झाले होते. सूचीच्या खाली छापलं होतं की कोणाची हरकत असल्यास पंधरा दिवसांत लेखी कळवावे. ही ओळ प्रत्येक सूचीखाली असते आणि ती कोणी वाचायची नसते. प्रज्ञाताईंनी वाचली.

हरकत लिहिली, आवक लिपिकाकडे दिली आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्क्यासह पोच मागितली. ही सवय त्यांना ४ ऑक्टोबरने लावली होती. त्या दिवशी त्या कार्यालयात आल्या होत्या याचा एकही कागद त्यांच्याकडे नव्हता. त्यानंतरच्या प्रत्येक गोष्टीचा होता. रजेच्या अर्जाची पोच, पंखा दुरुस्तीच्या मागणीची पोच. स्वतःच्या लग्नाची पत्रिका साहेबांना दिली तेव्हाही त्या क्षणभर थांबल्या होत्या, असं सांगतात.

हरकतीला उत्तर आलं नाही. पुढच्या जानेवारीत पुन्हा सूची लागली, पुन्हा हरकत दिली, पुन्हा पोच घेतली. कार्यालयाने याची मजा घ्यायला सुरुवात केली. जानेवारी आला की म्हणत, "बाई, तिळगूळ झाला, हरकत कधी?" काहींनी वेगळा सूर लावला. तुम्हा लोकांना काय, तुमच्यासाठी शासन निर्णय निघतात. त्यावर प्रज्ञाताई शांतपणे सांगत, की त्या खुल्या यादीत सहाव्या आहेत आणि कुठलाही नवा शासन निर्णय त्यांना नको आहे, जुना नियम पाळला तरी पुरे. हे ऐकून समोरचा जरा हिरमुसायचा. त्याला वाद घालायचा असायचा आणि हाती फक्त अंकगणित यायचं.

दरम्यान महाजन वरिष्ठ लिपिक झाले. प्रज्ञाताई त्यानंतर आठ वर्षांनी झाल्या. जुलै २०१४ मध्ये महाजन कार्यालय अधीक्षक झाले आणि प्रज्ञाताईंच्या रजेच्या अर्जावर सही करू लागले. माणूस वाईट नव्हता. सही लगेच करायचा.

हरकतीला उत्तर न देणं हा कोणाचा आळस नव्हता, ती रीत होती. उत्तर दिलं की त्याला तारीख पडते, तारीख पडली की मुदत सुरू होते, मुदत सुरू झाली की माणूस वकिलाकडे जातो. त्यापेक्षा कागद फायलीत निवांत पडलेला बरा. माणूस निवृत्त होतो, फाइल आपोआप मिटते. ही रीत सगळ्यांना माहीत होती; २०१७ साली नव्याने आलेल्या दिपमाला नावाच्या लिपिकेला तेवढी माहीत नव्हती. तिच्याकडे आस्थापनेचं टेबल आलं आणि तिने भिंतीवरची नागरिकांची सनद खरी धरली. विसाव्या हरकतीला तिने सात दिवसांत उत्तर दिलं: 'आपण विहित मुदतीनंतर, तेहतिसाव्या दिवशी हजर झाल्याने आपली विनंती अमान्य करण्यात येत आहे.' साहेबांनी पन्नास कागदांच्या गठ्ठ्यात त्यावर सहीही केली.

प्रज्ञाताईंनी ते पत्र दोनदा वाचलं आणि दिपमालाला म्हणाल्या, "बेटा, वीस वर्षांत मला पहिल्यांदा कोणी नाही म्हटलं. तुझे उपकार झाले." दिपमालाला काय झालं ते कळायला आठ दिवस लागले. तोवर संभाजीनगरला वकील ठरला होता.

मॅटमध्ये, म्हणजे सरकारी नोकरांच्या तंट्यांसाठी असलेल्या न्यायाधिकरणात, २०१८ च्या सुरुवातीला अर्ज दाखल झाला. अशा अर्जात ज्यांचा नंबर खाली जाऊ शकतो त्या सगळ्यांना पक्षकार करावं लागतं. महाजन प्रतिवादी क्रमांक पाच झाले. नोटीस हातोहात बजावायची मुभा मिळाली, म्हणून प्रज्ञाताई सकाळी सह्यांचं रजिस्टर घेऊन अधीक्षकांच्या केबिनमध्ये गेल्या आणि रजिस्टरखालून नोटीस काढली.

"ताई, माझ्यावर केस?" महाजन म्हणाले.

"तुमच्यावर नाही हो साहेब, तुमच्या नंबरावर. तुम्ही बसा तसे. पोच द्या."

महाजनांनी पोच दिली. मग दोघांनी त्या दिवशीचं टपाल बघितलं.

वकीलसाहेबांचं म्हणणं होतं की अर्जात थोडं तिखट घालावं. हेडक्लार्कने मुलीची जात बघून मुद्दाम परत पाठवलं, असं लिहिलं तर केस उभी राहील. प्रज्ञाताईंनी जरा विचार केला. नानांच्या मनात तेव्हा काय होतं हा प्रश्न त्यांनी सत्तावीस वर्षांत अनेकदा स्वतःला विचारला होता आणि उत्तर प्रत्येक वेळी एकच आलं नव्हतं. "त्यांनी मला चहा पाजला," त्या म्हणाल्या. "वाईट मनाचा माणूस चहा पाजत नाही, असं मी म्हणत नाही. पण मन मी पाहिलं नाही, कॅलेंडर पाहिलं. जे पाहिलं तेच लिहा."

खात्याचं उत्तर आलं. अर्जदार ४ ऑक्टोबर रोजी आल्याचा कोणताही पुरावा नाही. त्या स्वतःच्या मर्जीने उशिरा हजर झाल्या. माहितीच्या अधिकारात १९९१ ची आवक नोंदवही मागितली होती. ती 'विहित मुदतीनंतर नष्ट' झाली होती. पुरावा म्हणून आता या जगात एकच वस्तू शिल्लक होती, आणि ती ऐंशी वर्षांची होऊन फागण्याला ओट्यावरच्या खाटेवर बसत होती. नानांनी प्रतिज्ञापत्र दिलं तर केस. नाही दिलं तर अडतीस नंबर कायमचा. प्रतिज्ञापत्र दाखल करायची तारीख होती ५ ऑक्टोबर.

सोमवारी, १ तारखेला, प्रज्ञाताई किरकोळ रजा टाकून धुळ्याच्या एस.टी.त बसल्या. नानांनी त्यांना लगेच ओळखलं. ती सकाळ त्यांना सगळी आठवत होती. आदेशावरची सही हिरव्या शाईची होती, हेसुद्धा. त्यांच्या मुलाला, नवलला, हे आवडलं नाही. त्याचं बियाण्यांचं दुकान होतं आणि कोर्ट म्हटलं की त्याला नमुना नापास झाल्याची केस आठवायची. या वयात बाबांना कशाला ओढता, असं त्याने दोनदा म्हणून पाहिलं. नानाच त्याला गप्प बस म्हणाले. लिहून देणार, खरं ते देणार, असंही म्हणाले. प्रज्ञाताईंनी पिशवीतून टाइप केलेला कागद काढला. धुळ्याला नोटरी थांबला होता, रिक्षा दाराशी उभी होती.

नानांनी कागद घेतला, चष्मा लावला, आणि भिंतीकडे बघितलं.

"आज नको माय," ते म्हणाले. "पित्तर चालू शेतस. घट बसू दे, मंग मी सोता येसू."

नवलला हसू आलं होतं, पण पाहुणीचा चेहरा बघून त्याने ते गिळलं.

"नाना," प्रज्ञाताई म्हणाल्या, "ह्याच पितरांनी माझे बत्तीस नंबर खाल्ले. मागच्या वेळी मी उठून गेले. आज उठणार नाही." आणि त्या ओट्याच्या कडेला भिंतीला टेकून बसल्या. रिक्षावाल्याला सांगितलं, थांब.

अकराचे बारा झाले. नाना कुशीवर वळले, परत वळले. मध्येच म्हणाले की मी तुझं वाईट चिंतलं नव्हतं. त्या म्हणाल्या, ठाऊक आहे, तेही लिहा. साडेबाराला नानांच्या पत्नी पुष्पाबाई ताट घेऊन आल्या. त्या दिवशी नेमकी नानांच्या वडिलांची तिथी होती. खीर, कढी, वडे, गिलक्याची भजी. कावळ्याचा घास छतावर गेला होता. प्रज्ञाताईंनी ताट घेतलं आणि पोटभर जेवल्या. खीर दुसऱ्यांदा घेतली. हात धुतले आणि परत त्याच जागी येऊन बसल्या.

पुष्पाबाईंनी ताट उचलताना सगळी हकिकत विचारून घेतली. मग नवऱ्याच्या खाटेजवळ जाऊन उभ्या राहिल्या.

"पोर सत्तावीस वरीस फिरी ऱ्हायनी," त्या म्हणाल्या, "अन तुम्ही आजूनबी दिन देखी ऱ्हायनात? टोपी घाला अन उठा."

नाना उठले. धुळ्याच्या कोर्टासमोर नोटरीच्या टेबलाशी त्यांनी कागद पुन्हा वाचला आणि एक ओळ वाढवायला लावली: 'सदर सल्ला मी सद्हेतूने दिला होता.' प्रज्ञाताईंनी काही हरकत घेतली नाही. आयुष्यात तेवढी एकच घेतली नसेल. नानांनी सही केली आणि सवयीने खाली लिहिलं, मध्यान्होत्तर.

पुढची पाच वर्षं तारखांची. जळगावहून संभाजीनगरला वेळेवर पोचवणारी पहाटेची एकच गाडी होती आणि अजिंठ्याच्या रस्त्याचं काम चालू होतं. अर्जदार आणि प्रतिवादी क्रमांक पाच एकाच गाडीने जायचे, बहुतेक वेळा शेजारी बसून, कारण अनोळखी माणसाच्या खांद्यावर झोपण्यापेक्षा ते बरं. महाजनांना खिडकी लागायची. फर्दापूरला चहा व्हायचा. कधी तारीख मिळायची, कधी पुढची तारीख मिळायची. मधली दोन वर्षं साथीने खाल्ली.

महाजनांनी आपलं लेखी उत्तर दाखल केलं होतं. विलंब झाला, बसलेली घडी मोडू नये, तीन दशकांनी कोणाचे नंबर हलवू नयेत, असं त्यात नऊ परिच्छेदांत लिहिलं होतं. फक्त एका परिच्छेदात, ४ ऑक्टोबरच्या बाबतीत, त्यांनी लिहिलं होतं: 'याबाबत प्रतिवादीस भाष्य करावयाचे नाही.' एकदा सिल्लोडच्या पुढे गाडी खड्ड्यांतून चालली असताना प्रज्ञाताईंनी विचारलं, की हे असं का लिहिलं.

महाजनांनी खिडकीची काच ओढून घेतली. "मी तेव्हा समोरच्या टेबलावर होतो ना ताई," ते म्हणाले. "मला रुजू होऊन तीन आठवडेही झाले नव्हते. तुम्ही आल्या, चहा घेतला, गेल्या. पाहिलंय मी."

"मग तसं लिहायचं होतं."

"दोन मुली लग्नाच्या आहेत. अधीक्षक म्हणून बोलणी चालली आहेत." मग म्हणाले, "खोटं मात्र लिहिलं नाही."

गाडीतून उतरताना प्रज्ञाताईंची पिशवी महाजनांनी धरली, आणि ती त्यांनी धरू दिली.

नोव्हेंबर २०२३ मध्ये निकाल लागला. विलंबाचा मुद्दा वीस हरकतींच्या वीस पोचांपुढे टिकला नाही. नानांचं प्रतिज्ञापत्र ग्राह्य धरलं गेलं. निकालात म्हटलं होतं, की प्रतिवादी क्रमांक पाच हे त्या वेळी कार्यालयात हजर होते आणि त्यांनी हा प्रसंग नाकारलेला नाही, आणि शासकीय कार्यालयाच्या दिनदर्शिकेत सुट्टीचे दिवस असतात, अशुभ दिवस नसतात. अर्जदाराला सहावा क्रमांक द्यावा आणि त्यानुसार पदोन्नती द्यावी, तीन महिन्यांत. नानांना हे कळवायला प्रज्ञाताई फागण्याला गेल्या. नाना तोवर राहिले नव्हते. पुष्पाबाईंनी निकालाची प्रत ठेवून घेतली.

तीन महिन्यांत काही झालं नाही. सहा महिन्यांतही नाही. ३१ मे २०२४ ला महाजन, तेही एक जूनचेच, अधीक्षक म्हणूनच निवृत्त झाले. खुर्ची रिकामी झाली. आता तरी काय अडचण, असं बाहेरच्या माणसाला वाटेल. खात्याने त्या खुर्चीचा अतिरिक्त कार्यभार दुसऱ्या विभागाच्या अधीक्षकांकडे दिला आणि अंमलबजावणीबाबत मार्गदर्शन मागवलं. मार्गदर्शन देणाऱ्यांनी अभिप्राय मागवले. प्रज्ञाताईंच्या निवृत्तीला बारा महिने उरले होते आणि ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक होती. एक वरिष्ठ त्यांना आपुलकीने म्हणाले, की आता कशाला, वर्षभर आरामात काढा, निरोप समारंभ चांगला करू. प्रज्ञाताईंनी त्याच आठवड्यात अवमानाची याचिका टाकली. पोच नेहमीप्रमाणे घेतली.

आदेश निघाला तो ९ मे २०२५ ला, अवमान याचिकेच्या तारखेच्या चार दिवस आधी. शुक्रवार होता. सव्वापाचला ई-मेल आला. दिपमाला प्रिंट घेऊन धावत आली आणि म्हणाली, ताई, शनिवार-रविवार सुट्टी, सोमवारी बुद्धपौर्णिमा, मंगळवारी शांतपणे चार्ज घ्या, मी कपाटांची यादी करून ठेवते.

"आज," प्रज्ञाताई म्हणाल्या. "यादी मी सांगते, तू लिही."

तीन कपाटं, अकरा किल्ल्या, एक गोल शिक्का, एक फिरती खुर्ची, चाक नादुरुस्त. सहा वाजून पाच मिनिटांनी कार्यभार प्रमाणपत्रावर सही झाली.

त्यानंतरच्या दिवसांत त्यांनी तीन कामं केली. ज्येष्ठता सूची नव्याने काढून फलकावर लावली. नव्या भरतीची मुलं यायची होती, त्यांच्यासाठी परिपत्रक काढलं की रुजू होण्यास आलेल्या उमेदवाराला त्याच दिवशी रुजू करून घ्यावे आणि पोच द्यावी. आणि फायलीत निवांत पडलेल्या, अनेकांच्या, त्रेचाळीस हरकती बाहेर काढून प्रत्येकीला लेखी, तारखेनिशी उत्तर पाठवलं. साहेबांनी सह्या करता करता हात थांबवला. "बाई, यातले निम्मे लोक आता मॅटला जातील," ते म्हणाले.

"म्हणूनच उत्तर देतेय, साहेब. खाली अजून सतरा आहेत."

निवृत्तीच्या कागदपत्रांसोबत सेवापुस्तकात शेवटची नोंद झाली. ती अशी: 'न्यायाधिकरणाच्या आदेशास अनुसरून श्रीमती सुरवाडे यांना दिनांक १ जुलै २०१४ या मानीव दिनांकापासून कार्यालय अधीक्षक या पदावर पदोन्नत समजण्यात यावे व सदर दहा वर्षे अकरा महिन्यांचा कालावधी त्या पदावरील अखंड सेवा म्हणून गणण्यात यावा.'

त्या खुर्चीवर त्या कामाचे पंधरा दिवस बसल्या.